आक्रे शहराला आवतण

"कवढी माणसं हायत तुझ्या गावात, ते सांग आधी," रखमीने मोबाइल चुलीच्या धुरापासून लांब धरत विचारलं.

"आये, गाव नाय, शहर हाय," पलीकडून मुकेश म्हणाला. "एक सांगतो पन्नास हजार, दुसरा सांगतो लाख. मोजलंय कोणी?"

मुकेश होता इराकात, कुर्द लोकांच्या मुलखात. डोंगराला धरून घरावर घर चढवलेलं आक्रे नावाचं लहानसं शहर. तिथल्या एका खानावळीत तो भांडी घासायचा. वैशाखात त्याचं लग्न तलासरीकडच्या भारतीशी ठरलेलं, आणि मालक सुट्टी देत नव्हता. नवराच नाही तर लग्न कसलं? पाडाभर हीच काळजी. रखमीच्या जिवालाही तोच घोर होता, पण त्याच्या जोडीला तिने आणखी एक ओढवून घेतला होता.

तिचंही खरंच होतं म्हणा. पाड्यावर आवतण घराला असतं. हळदीचे तांदूळ घेऊन दारोदार फिरायचं. एक दार चुकलं की जन्माचा रुसवा. मग पोऱ्या ज्या गावचं अन्न खातो, ते अख्खं गावच वगळायचं? छे, असलं वागणं रखमीच्या घराण्यात नव्हतं.

"लाख माणूस?" काकड्या, तिचा नवरा, विडी पेटवायची विसरला. कासा ते चारोटी जीप चालवून त्याला माणसं कोंबायचा सराव होता, पण त्यालाही काही हद्द असते. "नाक्यावरून आणंल कोण त्यांना? मी?"

"एवढ्या लांबून कोण येतंय जेवाला? पण बोलवाला नको?"

"आन आले म्हंजे?"

रखमीने चुलीत लाकूड सारलं. मग म्हणाली, "आले तर जेवतील."

"आये, सिरियातनं लढाईमुळं पळून आलेली माणसं पन हायत हितं," मुकेश हळूच म्हणाला. "त्यांना धरू का नको?"

"घरदार सोडून आलेल्यांना आधी धर. आणि मालकाला दे फोन."

मोबाइलच्या पडद्यावर मालक आला, मिशीवाला. मागून त्याची म्हातारी आई डोकावली, डोक्याला रुमाल बांधलेली. रखमीने पळसाच्या पानावर हळदीचे तांदूळ घेतले, मोबाइलपुढे धरले आणि सगळ्या शहराला आवतण दिलं. मुकेशने आपल्या मोडक्या कुर्दीत ते तिथे पोचवलं. म्हातारीने काहीतरी विचारलं.

"आये, ती विचारते, नवरा कोण?"

"हाच की. तुमची भांडी घासतो तो."

म्हातारी लेकाकडे वळली आणि बोलतच सुटली. मालकाच्या मिशा बघता बघता खाली आल्या.

"काय म्हणते रं?"

"ते सांगण्यासारखं नाय, आये. पन सुट्टी मिळाली." थोड्या वेळाने तो म्हणाला, "आता विचारते, आवतण आलं आन जाता नाय आलं, तर तुमच्यात काय करतात?"

"मूठभर तांदूळ धाडतात. तेवढं पुरतं."

लग्नाच्या आदल्या दिवशी मुकेश आला. कपड्यांची पिशवी एवढीशी, आणि जोडीला एक जड गाठोडं. त्यात फडक्यांच्या पुरचुंड्याच पुरचुंड्या. कशात तांदूळ, कशात अक्रोड, कशात सुकी अंजिरं. म्हातारी स्वतः गल्लीच्या पायऱ्या चढून दारोदार फिरली होती. एक पुरचुंडी तर गोधडीच्या चिंधीची होती. ती सिरियावाल्यांची, मुकेश म्हणाला.

"लाखाचा आकडा काय दिसत नाय," काकड्या म्हणाला, आणि तोंड फिरवून त्याने डोळे पुसले.

रखमीने ते परके तांदूळ आपल्या तांदळात मिसळून भात रांधला. पंगत बसली तेव्हा पहिलं पान मांडून तिने भात वाढला, वरण वाढलं. पानावर कोणी बसलं नाही.

"ते कोणाचं?" काकड्याने विचारलं.

"आले म्हंजे?"

पंगत उठली, भात निवला. रखमी त्या पानाशी बसून कोंबड्या हाकलत राहिली.