शिंप्याची कुबडी

मित्रांनो, माझी उंची एका शिंप्याच्या काखेएवढी आहे. मी त्याची जुनी लाकडी कुबडी. त्याच्या मेहुण्याने, जो सुतार आहे, मोडक्या पलंगाच्या पट्टीतून मला घडवले. वरची गादी शिंप्याने स्वतः शिवली. शिवताना म्हणाला, "आजवर लोकांची मापं काढली, आता माझंच निघालं."

त्याचा पाय कसा मोडला, हे मी घरातल्या बोलण्यातून ऐकले. गल्लीत चोरी झाली होती. पोलिसांनी त्याला चौकशीला बोलावले. तो आपल्या पायांनी गेला आणि दुसऱ्या दिवशी त्याला उचलून आणावे लागले. चोर दुसराच निघाला. ठाण्याच्या कागदात मात्र लिहिले गेले, 'पळताना जिन्यावरून पडला.'

त्याचे पायाने चालवायचे मशीन बंद पडले. बायको तक्रार द्यायला गेली, तर ठाण्यात कुणी लिहून घेईना. वरच्या साहेबांना दिलेला अर्जही गडप झाला. मग एका वकीलबाईंनी थेट उच्च न्यायालयात रिट याचिका केली. तिथल्या गुळगुळीत फरशीवर मी फार जपून पाऊल टाकले.

न्यायाधीशांनी शिंप्याला बसायला खुर्ची दिली. म्हणाले, "तुम्ही खोटं बोलता असं आम्ही म्हणत नाही. पण तुम्ही एक सांगता, पोलीस दुसरं सांगतात. खरं काय, ते साक्षीदार तपासल्याशिवाय कळणार नाही, आणि रिटमध्ये आम्ही ते करत नाही. दंडाधिकाऱ्यांकडे तक्रार करा."

बाहेर आल्यावर शिंप्याने विचारले, "म्हणजे हरलो?"

"नाही दादा. त्यांनी खरं-खोटं ठरवलंच नाही."

"मग इतके महिने कशात गेले?"

वकीलबाईंनी पिशवीतून कोरा कागद काढला आणि दंडाधिकाऱ्यांकडची तक्रार लिहायला घेतली.

दंडाधिकाऱ्यांसमोर शिंपी माझ्या आधाराने उभा राहिला आणि त्याने सगळे सांगितले. आता साक्षीदार हवा होता. तो होता गल्लीतला इस्त्रीवाला. त्या सकाळी तो ठाण्यात वर्द्या पोहोचवायला गेला होता. काठी पायावर पडताना त्याने पाहिली होती आणि शिंप्याच्या बायकोला तसे सांगितलेही होते. पिंजऱ्यात मात्र तो खाली बघत म्हणाला, "मला आठवत नाही, साहेब."

पुरावा नाही म्हणून तक्रार फेटाळली गेली.

घरी येताना बायको धुमसत होती. "त्याच्या दारात जाऊन जाब विचारते."

"नको," शिंपी म्हणाला. "त्याचं पोट त्या वर्द्यांवर आहे. पोलिसांनी काय दम दिला असेल, तुला-मला काय माहीत?"

हाड वाकडे जुळले. मशीन आता बायको चालवते, तो बसल्या जागी बटणे लावतो. इस्त्रीवाला रस्ता बदलून जातो. मी दिवसदिवस दाराआड उभी असते. माझ्या खालच्या टोकाचे रबर झिजले आहे, गादीतून लाकूड टोचते. कधी शिंपी उठतो, मला हात लावतो आणि पुन्हा बसतो.

मित्रांनो, जमले तर माझे रबर बदला, म्हणजे त्याला उंबऱ्याबाहेर जायची भीती वाटणार नाही. आणि एक मागणे आहे. कुणाला मार बसताना तुम्ही पाहिलेत आणि पुढे कुणी विचारले, तर पाहिले ते सांगा. भीती वाटली तर कुणाला तरी सोबत घ्या, पण सांगा. मी शेजारीच होते त्या पिंजऱ्याच्या, पण मी मार पाहिला नव्हता, आणि पाहिला असता तरी मला कुणी विचारणार नव्हते.