सातवा रकाना

प्रूफमास्तर आणि वहिनी यांचं लग्न झालेलं नाही, ही गोष्ट एकतीस वर्षं फक्त दोन माणसांना ठाऊक होती. एक प्रूफमास्तर आणि दुसऱ्या वहिनी.

मास्तर छापखान्यात प्रूफं तपासायचे. लाल पेन्सिल कानावर, ओळीखाली बोट, आणि चूक दिसली की पायात काटा मोडल्यासारखा चेहरा. वहिनी खिडकीशी यंत्र मांडून पडदे, अभ्रे, शाळेचे गणवेश शिवायच्या. मास्तरांची पहिली बायको दोन वर्षांत माहेरी गेली ती गेलीच. ना परत आली, ना काडीमोड दिला, आणि कोर्टाची पायरी चढायचा मास्तरांचा स्वभाव नव्हता. तेव्हा या दोघांनी गाव सोडलं. नव्या गावात खोली घेताना घरमालकिणीनं विचारलं, "नवरा-बायको ना?"

"हो तर," मास्तर म्हणाले.

त्या एका "हो तर"वर सगळा संसार उभा राहिला. पहिल्या वर्षी वहिनींची जीभ अडखळायची. मग अडखळेनाशी झाली. पुढे पुढे आपण खोटं बोलतो आहोत हेही त्यांना आठवेनासं झालं.

आठवलं ते मागच्या वर्षी, मास्तरांच्या छातीत दुखलं तेव्हा.

"तुम्ही कोण त्यांच्या?" इस्पितळातल्या खिडकीमागच्या माणसानं विचारलं.

"बायको."

"काही कागद?"

कागद नव्हता. मास्तरांच्या डायरीत पुतण्याचा पत्ता सापडला. तो लांबून आला, त्यानं सह्या केल्या, आत जायचा एकमेव पास त्याला मिळाला आणि पास खिशात घालून तो जेवायला गेला. वहिनी तीन दिवस लिफ्टजवळच्या बाकावर बसल्या. झुलतं दार उघडलं की आतल्या खाटेवरचे मास्तरांच्या पायाचे अंगठे दिसायचे. दार मिटलं की तेही नाही.

मास्तर त्या खेपेला वाचले. घरी आल्यावर वहिनी म्हणाल्या, "मला काही नको. ना दागिना, ना खोली. पुढच्या वेळी मला त्या दाराच्या आत यायचंय. तेवढं करा."

पहिली बायको दोन वर्षांपूर्वी वारली, हे पुतण्यानं जाता जाता सांगितलं होतं. मृत्यूचा दाखलाही त्यानंच पाठवून दिला. आता अडसर कसलाच उरला नव्हता.

"वरातीमागून घोडं आपलं," मास्तर म्हणाले. "पण चला, नाचवू."

नोंदणी कचेरी जुन्या पोस्टाच्या माडीवर होती. जिन्याला एकोणीस पायऱ्या. मास्तर तीनदा थांबले. खिडकीतल्या बाईंनी यादी वाचून दाखवली: दोघांच्या वयाचे दाखले, पत्त्याचा पुरावा, पहिल्या पत्नीचा मृत्यूचा दाखला, फोटो, तीन साक्षीदार. मग फळ्यावर तीस दिवस नोटीस. कुणाची हरकत आली नाही, तर एकतिसाव्या दिवशी लग्न.

"वयाचा दाखला कशाला?" मास्तर म्हणाले. "तोंडाकडे बघा की! एकवीस पूर्ण दिसत नाहीत का?"

"काका, नियम आहे. मागे ब्याऐंशीचे एक आले होते. त्यांच्याकडूनही घेतला."

अर्ज तिथंच बाकावर बसून भरला. मास्तरांनी आपला, वहिनींनी आपला. बाईंनी वर वर नजर टाकली आणि शिक्का मारला.

खरी परीक्षा साक्षीदारांची. वहिनींना वाटलं, धरणी दुभंगून पोटात घेईल तर बरं. पण घड्याळजींना सांगणं भागच होतं. ते मास्तरांचे सगळ्यात जुने दोस्त. डोळ्याला भिंग लावून ते एका मनगटी घड्याळात डोकावत होते. सगळं ऐकून त्यांनी भिंग काढलं.

"म्हणजे तीस वर्षं मी तुम्हाला वहिनी म्हणतोय, ते काय हवेत?"

वहिनींनी मान खाली घातली.

"आणि या चोरानं मला, मला सांगितलं नाही?" ते मास्तरांवर खेकसले. मग पुन्हा भिंग लावून त्या घड्याळाचा एक स्क्रू फिरवत राहिले. शेवटी म्हणाले, "कोट काढावा लागेल. वाळवी लागली नसेल तर." घरमालकीण आणि छापखान्यातला बांधणीवाला, असे उरलेले दोघे घड्याळजींनीच तयार केले.

तो महिना वहिनींनी मोजून काढला. दर दोन-तीन दिवसांनी कचेरीत जायच्या. काचेच्या फळ्यात विशी-पंचविशीतली तजेलदार तोंडं, आणि मध्येच त्यांचे दोघांचे फोटो, वाट चुकून आल्यासारखे. कुणी बघत नसलं की वहिनी रुमालानं तेवढीच काच पुसायच्या.

एकतिसाव्या दिवशी सगळे जमले. घड्याळजींच्या कोटाला डांबराच्या गोळ्यांचा वास येत होता. अधिकारी तरुण होता, अदबीनं बोलणारा. त्यानं अर्ज पुढ्यात घेतले, एकेका रकान्यावरून पेन खाली आणलं आणि सातव्यापाशी थांबला.

"सध्याची वैवाहिक स्थिती," त्यानं वाचलं. "काका, तुम्ही लिहिलंय, विवाहित."

मास्तर पुढे वाकले.

"आणि काकू, तुम्हीही. विवाहित." तो गोंधळून दोघांकडे बघत राहिला. "आधीच विवाहित असलेल्यांचं लग्न मला लावता येत नाही. नोटीसही याच अर्जावर निघाली."

मास्तरांनी अर्ज हातात घेतला. अक्षर त्यांचंच होतं, वळणदार. लोकांच्या लाखो चुका पकडलेलं बोट त्या शब्दाखाली थांबलं.

"मी विधुर आहे," ते अगदी हळू म्हणाले. "सवय हो. एकतीस वर्षांची सवय."

"खोडून नीट लिहू द्या ना," घड्याळजी म्हणाले. "एका शब्दाचा तर प्रश्न."

"नवा अर्ज, नवी नोटीस. तीस दिवस." अधिकाऱ्याचा आवाज पडला होता. "माझ्या हातात असतं तर, काका... पण नाही."

खिडकीतल्या बाईंनी मान वर केली नाही. नवे अर्ज मात्र त्यांनी स्वतः बाकापर्यंत आणून दिले. जिना उतरताना मास्तर म्हणाले, "दिव्याखाली अंधार गं." वहिनींनी त्यांचा दंड धरला होता.

दुसऱ्या नोटिशीच्या सतराव्या दिवशी, दाढी करता करता मास्तर खाली बसले.

पुन्हा तेच इस्पितळ, तोच बाक, तेच झुलतं दार. दारावर पहारेकरी नवा होता.

"तुम्ही कोण त्यांच्या?"

एकतीस वर्षं हे उत्तर तोंडातून आपोआप निघायचं. आता मात्र निघेना.

"आमची नोटीस लागलीय," वहिनी म्हणाल्या. "तेरा दिवस राहिलेत."

पहारेकऱ्याला अर्थबोध झाला नाही. "नातेवाईक नाही ना? मग बाकावर बसा."

वहिनी कचेरीत धावल्या. अधिकाऱ्यानं उभं राहून ऐकून घेतलं. इस्पितळात येऊन लग्न लावता येतं, म्हणाला. मी स्वतः येईन. पण तीस दिवस भरल्यावर.

पुतण्याला पुन्हा बोलावून घेतलं होतं. एकोणिसाव्या दिवशी त्याला काय वाटलं कोण जाणे, त्यानं पास काढून वहिनींच्या हातावर ठेवला. "दहा मिनिटं हं, बाई. नंतर डॉक्टर येणार आहेत."

मास्तर पूर्वीच्या निम्मे झाले होते. त्यांनी डोळे उघडले.

"कितवा दिवस?"

"अठ्ठाविसावा," वहिनी म्हणाल्या.

"दोनच राहिले मग." त्यांना हसायचं होतं. "अर्ज वाचलास ना नीट? बोट ठेवून?"

"शब्द न् शब्द वाचला. तुम्ही नका काळजी करू."

त्यांनी बोटानं वहिनींच्या तळहातावर एक आडवी रेघ ओढली. प्रूफात शेवटची ओळ तपासून झाली की ते तशी ओढायचे. तेवढ्यात काचेवर टकटक झाली.

तेविसाव्या दिवशी सकाळी पुतण्या दाराबाहेर आला आणि त्याच्या चालीवरूनच वहिनींना कळलं. त्यानं कागदांवर सह्या केल्या. मास्तरांचं घड्याळ आणि चष्मा एका पिशवीत घालून त्याच्या स्वाधीन केले गेले. वहिनी बाकावरून उठल्या नाहीत. कुणी त्यांना उठायला सांगितलंही नाही. तासाभरानं घड्याळजी आले आणि शेजारी बसून राहिले.

सहा दिवसांनी वहिनी एकट्याच एकोणीस पायऱ्या चढल्या. नोटीस फळ्यावरच होती. उद्या तिचे तीस दिवस भरणार होते.

खिडकीतल्या बाईंनी त्यांना पाहिलं आणि ओळखलं. कुलूप उघडून त्यांनी टाचण्या काढल्या.

"फोटो तेवढा मिळेल का?" वहिनींनी विचारलं.

"दफ्तरी जमा करावा लागतो, काकू." बाई थांबल्या, इकडेतिकडे पाहिलं आणि मास्तरांचा फोटो सोडवून मुकाट्यानं त्यांच्या मुठीत दिला. मग एक छापील कागद पुढे सरकवला. "नोटीस मागे घेतल्याचा अर्ज. तुमची सही लागेल."

वहिनी बाकावर बसल्या. नाव, वय, पत्ता. या अर्जातही तो रकाना होता. विधवा लिहायला त्यांचा हात पुढे झाला आणि हवेतच राहिला.

मग त्यांनी लिहिलं, अविवाहित.

आणि ओळीखाली बोट ठेवून, वरपासून खालपर्यंत, सगळा अर्ज दोनदा वाचला. चूक एकही नव्हती.