तुळसाबाईंचा सिद्धांत

वच्छलेच्या डोक्याचा पार भुगा झाला होता आणि त्याला कारण होती परदेशातली चार शहाणी माणसं. एम.ए.च्या एका पेपरात हे चौघे ठाण मांडून बसले होते. जगातले देश एकमेकांशी असे का वागतात, यावर प्रत्येकाने आपली अक्कल पाजळली होती आणि उरलेल्या तिघांना मूर्खात काढलं होतं. वच्छलेने एकाचं वाचावं, तर तो पटायचा. दुसऱ्याचं वाचलं की तोही पटायचा. चौथ्यापर्यंत पोचेस्तोवर पहिला काय म्हणाला होता तेच आठवायचं नाही. आणि नावं? ती जिभेवर बसतील तर शपथ.

नापास होणं तर परवडणारंच नव्हतं. तुमसरच्या कॉलेजात तिला शिकवायची जागा मिळण्यासारखी होती, पण एम.ए. झाल्यावर. आणि आंधळगावच्या घरात सासूबाईंनी परवानगी दिली होती ती एकाच परीक्षेची. "एक डाव बस," त्या म्हणाल्या होत्या. "पास झाली त जाय तुमसरले. नाई झाली त पुस्तकं बांधून ठेव अन् धानाच्या रोवण्याले चाल. बांधीत हात कमी पडून राहिले." त्या बोलल्या की घरात दुसरं कोणी बोलत नसे.

एक दिवस तांदूळ निवडता निवडता तिला युक्ती सुचली. पहिला विचारवंत म्हणायचा, प्रत्येक देश आपलं हित बघतो आणि दिलेल्या शब्दाला किंमत असते ती ताकद असेतोवर. या तर सासूबाईच! दुसरा म्हणायचा, सगळ्यांनी एकत्र बसावं, कायदे करावेत, भांडणं मिटतात. हे सासरे, गावातले तंटे मिटवायचे आणि घरी येऊन निमूट जेवायचे. तिसऱ्याच्या मते देवघेव वाढली की लढाया थांबतात. हा तिचा नवरा तेजराम, ज्याने आपली सायकल उसनी देऊन देऊन अख्ख्या आळीशी मैत्री केली होती. चौथा म्हणायचा, बडे देश छोट्यांना मुद्दाम गरजवंत ठेवतात. ही थोरली जाऊ रुखमिणी. तिला चहाची साखरसुद्धा सासूबाईंकडे मागावी लागे.

तेव्हापासून अभ्यास असा पळायला लागला की विचारू नका.

गंमत अशी की यातली तीन नावं वच्छलेने उभ्या जन्मात तोंडातून काढली नव्हती. सुनेने सासूचं, सासऱ्याचं, नवऱ्याचं नाव घ्यायचं नाही, ही तिथली रीत. सासूबाईंचं नाव तुळसा, म्हणून खोकल्याच्या काढ्यात टाकायची तुळससुद्धा ती "काढ्याचा पाला" म्हणून मागे. पण मनात कोण ऐकतं? मनात ती दिवसभर घोकायची, तुळसाबाई म्हणतात, मंगरूजींना हे अमान्य आहे, तेजरामांनी दोघांवर टीका केली आहे. आणि तोंडाने न घेतलेली ती नावं आत अशी घट्ट रुतून बसली की खऱ्या नावांना जागाच उरली नाही.

भंडाऱ्याच्या परीक्षेच्या हॉलमध्ये ते कळलं. चौघांच्या मतांची तुलना करा, असा प्रश्न. मतं सगळी हजर होती, नाव एकाचंही येईना. वेळ घालवण्यापेक्षा तिने तूर्त घरची नावं लिहिली, शेवटी खोडून बदलू म्हणून. लिहीत सुटली. घंटा झाली तेव्हा पर्यवेक्षकाने हातातून पेपर ओढून घेतला, आणि तुळसाबाई जशाच्या तशा कागदावर राहिल्या.

निकाल आला तो ऐन रोवणीत. बाकी सगळ्यात पास आणि नेमक्या त्याच पेपरात नापास.

"सारे पेपर निंगाले, मंग हाच काहून रायला?" सासूबाईंनी विचारलं.

खोटं बोलणं वच्छलेला जमलं नाही. मान खाली घालून तिने सगळं सांगून टाकलं. तेजराम हसायला लागला. सासरे "अरे बापा" म्हणून उठून बाहेर गेले. सासूबाई मात्र हलल्या नाहीत.

"माहा नाव लिवली? कागदावर?"

"हो."

"मी काय म्हनते म्हनून लिवली?"

वच्छलेने भीत भीत सांगितलं. हित, ताकद, शब्दाची किंमत.

"मंग यात चुकीचा काय हाय?" सासूबाई चिडल्या. "बरोबर त हाय! नापास काहून केला?"

"नाव दुसऱ्याचं पाहिजे होतं. एका गोऱ्या माणसाचं."

"थो कागद कोठी हाय आता?"

"नागपूरला, विद्यापीठात."

सासूबाई हळूच म्हणाल्या, "लगन झाला तवापासून मले नावानं कोनी हाक नाई मारली. कोनाची माय, कोनाची बायको. अन् माहा नाव जाऊन बसला नागपूरले. मी त भंडाऱ्याच्या पल्याड नाई गेली."

वच्छलेला रडू कोसळलं. तिने पुस्तकं गोळा केली आणि बांधायला दोरी शोधू लागली.

"ठेव थे दोरी," सासूबाई म्हणाल्या. "आक्टोबरात पुन्हा बस."

वच्छला बघतच राहिली. हे कुठल्या सिद्धांतात बसतं? ताकद सासूबाईंची, हित सासूबाईंचं, एका परीक्षेचा शब्दही पाळून झालेला. तिला बांधीत नेलं असतं तर कोणी अडवणार नव्हतं. कोणी एकत्र बसलं नव्हतं, कसली देवघेव झाली नव्हती. चौघांपैकी एकाचंही गणित इथे लागू पडेना, आणि पाचवा तर गाईडात नव्हता.

सासूबाईंनी पदर खोचला, वच्छलेच्या वाट्याचा रोवणा करायला त्या स्वतः निघाल्या. दारात थांबून म्हणाल्या, "अन् या डावाले त्या गोऱ्याचाच नाव लिवजो. माहा एक डाव लिवला, तेवढा पुरे झाला मले."