दोघायले एका ठिकाणी

मी प्रेमिला. नागपूरले सरकारी दवाखान्यात नर्स, राहाले तिथंच नंदनवनात. नवरा जितेंद्र, मास्तर. तोंडावर मी ‘अहो’च म्हणते, पण गोष्ट सांगताना अहो-अहो करत बसली तं रात व्हायची, म्हणून नाव घेते.

लग्नाले बारा वर्षं झाली. त्यातली अकरा तो कोरपल्लीले, जंगलाच्या पार त्या टोकाले. शाळेच्या टाकीवर चढलं तरच तेथं फोन लागते. रोज संध्याकाळी सात वाजता तो टाकीवर अन् मी इथं ताटावर. ‘भाजी कायची केली वं?’ तो विचारते, अन् मी सांगेपर्यंत लाईन कट! मले सोनं नाई पाहिजे होतं, बंगला नाई पाहिजे होता. सकाळी घरात कोणी खोकलावं, पेपरचं अर्धं पान मागावं, मीठ जास्त झालं म्हणून माझ्याशी भांडावं. फोनवर धड भांडणही होत नाई हो. ऐन रंगात आलं की रेंज जाते.

अर्ज केले, खेटे घातले, जोडे झिजले. मग दोघायनं मिळून केस टाकली. कोर्टानं साफ सांगितलं, या नवरा-बायकोले सहा आठवड्यांत एका ठिकाणी नेमा. त्या दिवशी मी पलंग भिंतीपासून सरकवला, दुसऱ्या बाजूनंही उतरता यावं म्हणून.

सहा आठवडे गेले, सहा महिने गेले. त्याचं शिक्षण खातं ढिम्म, माझं आरोग्य खातं ढिम्म. आमच्या वकील मिनलताई म्हणाल्या, “आता अवमान याचिका टाकू. दोन्ही खात्यांच्या साहेबांना कोर्टात स्वतः हजर राहावं लागेल. या लोकांना पेशीच्या आदल्या दिवशीच जाग येते.”

अन् आली ना बापा! पेशी मंगळवारची. सोमवारी दुपारी टाकीवरून जितेंद्र ओरडतच होता, “अवं, झाली बदली! नागपूर! कार्यमुक्त पण केलं हातोहात, निघालो मी!” मी वॉर्डातच रडली. पेशंटनं मले पाणी पाजलं, सांगा आता!

पाच वाजता आमचे हेडक्लार्क नत्थूजी कागद घेऊन आले. “अभिनंदन बाई, पेढे आणा. आजच तुम्हाले मोकळं केलं.”

कागद वाचला. माझी बदली. कोरपल्ली.

“अजी, त्यायले तं इकडे आणलं!”

“ते शिक्षणवाले. त्यायच्या फायलीत काय आहे, आमाले काय माहीत? आमच्या खात्यानं आपल्यापुरता हुकूम पाळला.”

मायवं! अकरा वर्षं कोणी हलत नव्हतं, अन् हलले तं दोघंही एकाच दिवशी. मले हसू आलं, अन् मग मी खालीच बसली.

मंगळवारी कोर्टात दोन्ही साहेब कडक इस्त्रीत उभे. दोघायचीही शपथपत्रं तीच, आदेशाचं पालन झालं. मिनलताईनं दोन्ही कागद शेजारी ठेवून दाखवले. जजसाहेबांनी चष्मा काढला. “तुम्ही एकमेकांशी बोलत नाही का?” त्यांनी विचारलं. दोन्ही साहेबांनी एकमेकांकडे बोट दाखवलं. तीन आठवड्यांत दुरुस्त करा म्हणून पुढची तारीख पडली.

बाहेर येताच आमचे साहेब म्हणतात, “दुरुस्ती होईल तेव्हा होईल. तोपर्यंत बदलीचा आदेश कायम आहे. उद्या निघा अन् कोरपल्लीले रुजू व्हा, नाहीतर कारवाई करावी लागेल.”

जितेंद्र माझ्या बाजूले उभा होता, रातभरच्या बसनं चुरगळलेला, बॅग खांद्यावरच. त्याच्या अंगाचा घामाचा वास येऊन राहिला होता. मी कोणाची भीडभाड ठेवली नाई, सरळ त्याचा हात धरला.

“करा ना कारवाई,” मी म्हटलं. “नोटीस नंदनवनच्या पत्त्यावर पाठवा, साहेब. दोघंही घरीच सापडू.”