वळणावरची रेती

मूठभर रेती हातात द्या, कोणत्या घाटाची ते सांगतो. बत्तीस वर्षं मी हे सांगत आलोय. पुलाखालच्या रेतीत शिंपल्यांचा चुरा असतो, वरच्या घाटाच्या रेतीत माती, आणि स्मशानाच्या वळणावरची रेती साखरेसारखी स्वच्छ, मुठीत दाबली की करकरते. पानठेल्यावर लोक माझे डोळे बांधून पैज लावायचे आणि चहा मला पाजायचे. मारोतराव मिस्त्रीचा हात म्हणजे हात, असं अख्खं बोरीघाट म्हणायचं. बोरीघाट म्हणजे पैनगंगेच्या काठावरचं आमचं गाव. धड खेडं नाही, धड शहर नाही, पण घरं बांधायची हौस यवतमाळसारखी.

वळणावरच्या रेतीला मात्र कोणी हात लावायचा नाही, असं ठरलेलं होतं. चार वर्षांपूर्वी चोरट्या ट्रॅक्टरांनी नदी पोखरायला घेतली, तेव्हा मारुतीच्या पारावर सगळं गाव जमलं. ओंजळीत नदीचं पाणी घेऊन आम्ही शपथ घेतली की स्मशानापासून शंभर पावलांत कोणाचं फावडं लागणार नाही. आपली माणसं तिथं राख होऊन नदीला मिळतात, ती उपसून भिंतीला लावायची म्हणजे काय? त्या दिवशी सगळ्यात मोठ्यानं मीच बोललो होतो. बोलायला माझ्या बापाचं काय जात होतं!

यंदा इंदुताईचं घरकुल माझ्याकडे होतं. इंदुताई म्हणजे माझ्या जिवलग किसनरावची बायको. किसनराव तीन वर्षांपूर्वी गेला. घराचा चौथरा झाला आणि तो गेला. मग कागदं अडली, आणि इंदुताई पोरीला, सुरभीला, घेऊन टिनाच्या खोलीत राहू लागली. या वर्षी काम सुरू झालं तेव्हा तिनं एकच हट्ट धरला.

"अक्षय तृतीयेले त्याईची घागर नव्या घरात भरली पाह्यजे, मिस्त्रीभाऊ. त्याईनं निरा चौथरा पाह्यला. घर नाई पाह्यलं. तेवढी घागर घरात भरू द्या, मंग मले काई नको."

आमच्याकडे त्या दिवशी पितरांच्या नावानं मातीची घागर भरून मांडतात. घागर मांडायला म्हणून मी आतल्या भिंतीत मुद्दाम एक देवळी काढली. सणाला नऊ दिवस उरले आणि रेती संपली.

मी नयनला फोन केला. नयनचा ट्रॅक्टर आहे आणि तोंडही ट्रॅक्टरसारखंच चालतं. दुसऱ्या दिवशी सकाळी त्यानं दारात ट्रॉली उलटी केली.

"एक नंबर माल हाय काका. चाळाचीबी गरज नाई."

मी सवयीनं मूठ भरली, दाबली, झटकली. "चालते," म्हणालो. इंदुताई चहा घेऊन उभी होती. मी चहा प्यायलो आणि कामाला लागलो.

तीन दिवसांत दोन्ही खोल्यांचं प्लास्टर झालं. भिंती अशा गुळगुळीत आल्या की सुरभी येताजाता गाल लावून पाहायची. चौथ्या दिवशी मी देवळीचं प्लास्टर करत होतो आणि बाहेर इंदुताई रेती चाळत होती. चाळायची गरज नाही म्हटलं तरी ती चाळायचीच. देवळीत खडा नको, म्हणे.

चाळणीवर टणकन आवाज झाला.

"मिस्त्रीभाऊ, हे काय होय, पाहा बरं."

मी थापी हातात घेऊनच बाहेर आलो. तिच्या हातात दीड वितीची लोखंडी सळई होती. सळई कसली, घडवलेली वस्तू होती ती. काळी-निळी पडलेली, दोन्ही टोकांना भोकं, आणि एका भोकात तुटलेला स्क्रू अडकलेला.

ती वस्तू मी ओळखली. किसनराव पांढरकवड्याच्या रस्त्यावर मोटरसायकलवरून पडला, मांडीचं हाड मोडलं, तेव्हा ऑपरेशन करून आत रॉड टाकला होता. पुढे एक स्क्रू तुटून आतच राहिला. तो हसून सांगायचा, "मारोत्या, मी आता सिमेंट-लोहाचा माणूस झालो, तूच मले प्लास्टर कर." तो गेला, आम्ही त्याला वळणावर नेलं. तिसऱ्या दिवशी राख सावडताना हाच रॉड माझ्या हाताला लागला होता. लोखंड अस्थींसोबत कसं ठेवणार, म्हणून मीच तो नदीत भिरकावला होता. माझ्या याच हातानं.

"पंपाचं असन काईतरी," मी म्हणालो. माझा आवाज मलाच ओळखू येईना.

इंदुताई टिनाच्या खोलीत गेली, पेटीतून एक्स-रे काढून आणला आणि उन्हात धरला. काळ्या फिल्मवर पांढरी सळई, भोकं, तुटका स्क्रू. तिनं हातातला रॉड त्या पांढऱ्या सळईवर ठेवला. भोकावर भोक बसलं, स्क्रूवर स्क्रू.

ती मटकन खाली बसली. रडली नाही. रडली असती तर बरं झालं असतं. सुरभी आईकडे पाहत होती, मग भिंतीकडे पाहू लागली, आणि तिनं स्वतःचा गाल हातानं पुसायला सुरुवात केली. पुसतच राहिली.

मग मी ओरडायला लागलो. नयनला फोन करून आईबहिणीवरून शिव्या दिल्या. "नालायका, स्मशान विकून राह्यला काय? शपथ घेतलती ना बे तू?" माझा आवाज गल्लीभर गेला. माणसं जमली. शेजारचा देवीलाल आला, गल्लीतली म्हातारी बसंतीबाई आली. मी त्यांनाही तेच ओरडून सांगत होतो. चोराच्या उलट्या बोंबा म्हणतात, त्या अशा असतात.

"मिस्त्रीभाऊ," इंदुताई खालूनच म्हणाली. "नयनचं राहू द्या. रेती पडली तवा तुमी मूठ भरलती. मी चाय घेऊन उभी होती."

"हो."

"तुमाले तं डोळे बांधूनबी समजते."

मी थापी या हातातून त्या हातात घेतली.

"मंग कोठची होती ते?"

सगळे माझ्याकडे पाहायला लागले. खोटं बोलता आलं असतं. पण ती माझ्या मुठीत करकरली होती. मूठ पुरती मिटायच्या आधीच मला कळलं होतं. आठ दिवसच उरलेत, एकाच ट्रॉलीचा तर प्रश्न आहे, बाईचं घर होऊ दे, नदीला काय कळतंय, असं मी चहाच्या एका घोटात स्वतःला समजावलं होतं. आणि ते समजावणं मला जड गेलं नाही, कारण ती पहिली ट्रॉली नव्हती.

"वळणावरची," मी म्हणालो.

मग बसंतीबाई पुढे आली. तिचा पोरगा दोन वर्षांपूर्वी नदीत बुडून गेला होता, त्याचीही राख वळणावरच झाली.

"दिवाळीले माह्या घरचा ओटा केलता तुनं," ती म्हणाली. "त्याच्यात कोठची हाय रे, मारोत्या?"

मी मान खाली घातली. तिला उत्तर मिळालं. तिनं पदर तोंडात कोंबला आणि घराकडे न जाता तिथंच रस्त्यावर बसली. त्या ओट्यावर ती रोज पोळ्या लाटते. देवीलाल मला काही न विचारता माघारी वळला. त्याच्यामागे एकेक जण निघाला. सगळे आपापल्या घराकडे चालले होते आणि कोणी घाई करत नव्हतं. दारापाशी पोचून माणसं आत न शिरता उभी राहत होती, हे मला इथून दिसत होतं. गल्लीतलं शेवटचं घर माझं होतं. माझ्या स्वयंपाकघराची भिंत मी मागच्या उन्हाळ्यात केली. माझ्या बापाचीही राख वळणावरच झाली.

इंदुताई उठली आणि आत गेली. देवळीचं प्लास्टर अजून ओलं होतं. तिनं त्यावर हात ठेवला आणि काढला, तेव्हा पाचही बोटं भिंतीत उमटली.

"पाडतो मी," मी मागून म्हणालो. "सारं पाडतो, इंदुताई. फुकट करून देतो."

"पाडून कोठं टाकसान?"

मी दाराबाहेरच्या रेतीच्या ढिगाकडे पाहिलं.

"नदीत टाकसान, तं नयन पुना काढन. उकिरड्यावर टाकू काय त्याईले?" ती माझ्याकडे वळली. रॉड तिनं पदरात धरला होता. "तुमाले सारं मुठीत समजते ना, भाऊ? तं मले एवढंच सांगा. त्याईची घागर कोठं भरू मी आता?"

थापीवरचं सिमेंट वाळून कडक झालं होतं. मी ते बोटांनी खरवडत राहिलो. ती उत्तराची वाट पाहत उभीच होती.