वळेन, दुमडणार नाही

मी काचेचा धागा बोलतोय. लोक मला वायर म्हणतात. मी वायर नव्हे. वायरीतून वीज जाते, माझ्यातून उजेड जातो. एवढा फरक ध्यानात ठेवा, मग पुढचं ऐका.

माझी काच केसाएवढी बारीक. काचेचा जाड दांडा भट्टीत तापवला आणि त्यातून मला खाली ओढून काढलं. दोन्ही अंगांना दोन टणक काड्या दिल्या. कोणी खेचलं तर ताण त्यांनी घ्यायचा, काचेला कळूही द्यायचा नाही. वरून पांढरं प्लास्टिक. झालं माझं अंग तयार.

आमच्यातले थोरले भाऊ जमिनीखाली जातात. त्यांना पोलादी चिलखत असतं. उंदीर दात लावतो आणि पस्तावतो. मधले खांबांवर लटकतात, ऊनवारा खातात. मी धाकटा. खांबावरून लोकांच्या घरात शिरायचं काम माझं. घरात जाणाऱ्याला चिलखत देत नाहीत. घरातली माणसं आपलीच, असं धरून चालतात.

एका केबलवाल्याने मला एका सुताराच्या घरी आणलं. खांबावर आकड्याला अडकवलं, ताण चिमट्यावर टाकला, खिडकीच्या चौकटीतून आत घेतलं. खोलीच्या कोपऱ्यात गोल वळण दिलं आणि भिंतीवरच्या इंटरनेटच्या डबीत नेऊन टोकाला जोडणीचं हिरवं बूच बसवलं. काम चोख. एक गोष्ट मात्र राहिली. हे वळण असंच राहू द्या, असं तो कोणाला बोलला नाही. घाईत होता.

घरात माणसं दोनच, म्हातारा सुतार आणि त्याची सून. मुलगा परगावी नोकरीला. सुनेची आई जन्मापासून बहिरी होती, त्यामुळे हातांची भाषा सुनेला बोबडे बोल यायच्या आधी आली. त्या भाषेवर तिला काम मिळालं होतं. दवाखान्यात बहिरा रोगी आला की ही घरून पडद्यावर दिसायची. रोग्याचे हात वाचायची, डॉक्टरांना बोलून सांगायची. डॉक्टर बोलले की हातांनी रोग्याला सांगायची. नोकरी पक्की व्हायला एक महिना कामाची परीक्षा होती. तिच्या आयुष्यातली ही पहिली नोकरी.

सुताराने मला पाहिलं आणि म्हणाला, “भिंतीवर हे काय गांडूळ सोडलंय?”

म्हातारा सरळ रेषेचा माणूस. काटकोन बघायचा गुण्या लावल्याशिवाय भाकरीसुद्धा मोडणार नाही, असं शेजारी म्हणत. सुनेचं त्याने तोंडावर कधी कौतुक केलं नाही. पण तिच्या खोलीत लोंबतं काही दिसू नये म्हणून दोन दिवस खपून त्याने लाकडी पट्टी केली. आतून खाच पाडली. मला तीत दाबलं, कोपऱ्यात बरोबर काटकोनात दुमडलं आणि वरून पट्टी ठोकली. सांधा असा बसला की नख शिरेना. सून आली, बघून खूश झाली. म्हातारा हूं म्हणाला आणि हत्यारं पुसायला गेला.

आत माझी काय गत झाली ते मला ठाऊक. उजेड माझ्यात काठाला आपटत आपटत पुढे सरकतो. वळण गोल असेल तर तो वळतो. दुमडलं की बाहेर सांडतो. मी मोडलो नाही. पण पलीकडे पोचत होता तो उजेड जेमतेम.

पडद्यावरची चित्रं अडायला लागली. सुनेचे हात अर्ध्यात थिजायचे. एकदा एका म्हाताऱ्या रोग्याला दुखतंय कुठे हेच डॉक्टरांना कळेना. तिच्या कामावरच्या वरिष्ठ बाईंचा फोन आला. त्या शांतपणे म्हणाल्या, की आज चारला एका बहिऱ्या बाईंना ऑपरेशनबद्दल समजावायचं आहे. आजही चित्र अडलं तर काम दुसरीकडे द्यावं लागेल.

सासऱ्याला तिने सांगितलं. तो म्हणाला, यंत्रांवर पोट ठेवलं की असंच व्हायचं.

केबलवाला आधी दोनदा येऊन गेला होता. एकदा डबी बदलली, एकदा खांबावर चढला. त्या दिवशी तिसऱ्यांदा आला तेव्हा त्याने उजेड मोजायचं यंत्र आणलं. खिडकीपाशी माप पूर्ण. डबीत निम्म्यालाही कमी. त्याने पट्टीकडे पाहिलं, मग म्हाताऱ्याकडे. बोलायचं धाडस होईना. शेवटी पुटपुटला, “दोष या भिंतीतच कुठेतरी आहे, काका.”

“माझ्या सांध्यात फट नसते,” सुतार म्हणाला.

“फट नाही, तेच अवघड झालंय. असती तर बाहेरून दिसलं असतं.”

पट्टी काढल्याशिवाय खात्री देता येत नव्हती. काढली की ती फुटणार होती. सून मध्ये पडली. “राहू द्या, बाबा. तुमचं दोन दिवसांचं काम आहे. माझं काय, दुसरं बघेन.”

म्हाताऱ्याने तिच्याकडे पाहिलं. मग उठून पटाशी घेऊन आला. स्वतःची पट्टी स्वतः उचकटली. कोपऱ्याचा तुकडा फुटलाच. केबलवाल्याने माझ्या टोकाला लाल उजेडाची बत्ती लावली आणि खिडकी लोटून घेतली. काटकोनाच्या टोकावर, पांढऱ्या प्लास्टिकमधून, मी लालभडक पेटलो. सगळा उजेड तिथे गळत होता.

 मग सुताराने विचारलं, “केवढं वळण लागतं?”

“चहाच्या कपाच्या काठाएवढं.”

सुताराने कप मागितला. लाकडावर पालथा घातला, पेन्सिल फिरवली. उभ्या जन्मात सरळ कापणाऱ्या हाताला गोल जमेना. पहिला तुकडा चिरला. दुसरा साडेतीनला बसला. त्यात मी ऐसपैस वळलो. केबलवाल्याने मोजलं. माप पूर्ण.

म्हातारा मागे सरकला. खडबडीत गोलाईवर अंगठा फिरवला आणि सुनेला म्हणाला, “माझ्या हातचं गोल काम कधी चांगलं होत नाही. चालेल का?”

आजवर त्याने कोणाला विचारलं नव्हतं.

“चालेल काय, धावेल, बाबा,” ती म्हणाली. आणि चारच्या कामाला बसली. त्या बाईंनी हातांनी अकरा प्रश्न विचारले. अकराही पोचले, उत्तरंही पोचली.

त्याला सहा वर्षं झाली. नोकरी पक्की आहे. पांढरं प्लास्टिक पिवळं पडलंय, काच तशीच आहे. तुमच्याही घरात माझा कोणी भाऊबंद असेल. त्याला कपाटामागे चेपू नका, खिळ्याला गुंडाळू नका. हवं तर वळवा. आम्ही वळायला कमीपणा मानत नाही.