मल्हारीच्या बंडीतला चोरखिसा

सकाळचे सव्वासात वाजले होते. चिकलठाण्याच्या कंपन्यांचा सातचा भोंगा होऊन गेला होता, रस्त्यावरच्या सायकली पांगल्या होत्या, आणि सत्यभामानं माझ्यात पहिली सुई घातली. दिवस खंडेनवमीचा होता. माझं सगळं तिथून सुरू झालं.

मी एक खिसा. वरून दिसणारा नव्हे. बंडीच्या आतल्या अंगाला, डाव्या बरगडीखाली मी शिवलेला आहे. आत हात घातला तर माणूस नुसतं अंग खाजवतोय असं वाटावं, अशा जागी. मला चोरखिसा म्हणतात. नाव वाईट आहे, पण बहुतेक चोरखिशांत चोरीचं काही नसतं. बाजाराचे पैसे, तंबाखूची पुडी, लेकराच्या औषधाची चिठ्ठी, एवढंच असतं. आपलंही आयुष्य असंच जाईल असं मला वाटलं होतं.

त्याआधी मी बानाबाईच्या घोंगडीचा कोपरा होतो. बानाबाई म्हणजे सत्यभामाची सासू. तिची मेंढरं काकासाहेबांच्या पडीक रानात चरायची, आणि ती घोंगडी त्याच मेंढरांच्या लोकरीची. पुढं त्या रानाला तारेचं कुंपण पडलं, प्लॉट पडले, शेड उभ्या राहिल्या. चरायला जागा राहिली नाही तशी मेंढरं विकली. बानाबाईचा लेक मल्हारी मेंढरांच्या मागं चालायचा, तो काकासाहेबांच्या मागं चालायला लागला.

काकासाहेबांनी जमिनीच्या पैशात सिडकोत बंगला बांधला होता. उरलेल्या तुकड्यावरून चुलतभावाशी वाद होता, म्हणून त्यांनी सरकारकडून परवाना काढून एक रिव्हॉल्व्हर घेतलं होतं. ते घेऊन ते त्या सकाळी मल्हारीच्या पत्र्याच्या खोलीत आले. रिव्हॉल्व्हर रिकामं करून त्यांनी घोंगडीच्या कोपऱ्यावर आडवं ठेवलं.

"सूनबाई, ह्याच्या मापाचा खिसा शीव. मल्हारीच्या बंडीला, आतून."

सत्यभामानं कोळशानं त्याच्याभोवती रेघ ओढली. बानाबाईनं घोंगडीला कात्री लागू दिली, पण तोंड फिरवून बसली. "लोकर घाल, लोखंड अंगाला गार लागतंय," एवढं म्हणाली.

सत्यभामा फर्दापूरची. सातवीपर्यंत शिकलेली. शिवता शिवता ती थांबली.

"मालक, परवाना तुमच्या नावावर अन् पिस्तूल ह्यांच्या अंगावर. चालतंय का असं?"

काकासाहेब हसले. "मल्हारी माझ्यापासून चार पावलांवर असतो. म्हणजे माझ्याच अंगावर हाय की ते. सफारीत लई फुगून दिसतं. मोठ्या लोकांत उठबस हाय माझी, बरं दिसत नाय."

"मग दोन ओळी लिहून द्या. तुमच्या मर्जीनं ह्यांच्याकडं हाय म्हणून."

"सातवी झाली म्हणून मालकाला लिहायला लावती का," बानाबाई म्हणाली. "त्यांच्या रानात आपली मेंढरं चरली. गप शीव."

काकासाहेब उठले, टोपी नीट केली. "कागद फाटतो सूनबाई. शब्द फाटत नाय."

मी तेव्हा अर्धाच शिवून झालो होतो. मला ते वाक्य फार आवडलं. कापडालाच फाटण्याची भीती जास्त असते.

दुपारी त्यांच्या बंगल्यासमोर खंडेनवमीची पूजा झाली. ट्रॅक्टर, पाण्याची मोटार, कोयते, विळे आणि मधोमध ते रिव्हॉल्व्हर. सगळ्यांना हळदकुंकू, सगळ्यांवर झेंडूची फुलं. काकासाहेबांनी रिव्हॉल्व्हर उचललं, कपाळाला लावलं आणि चारचौघांत मल्हारीच्या हातात दिलं. मल्हारीनं वाकून घेतलं. देवापुढं कुंकू लावून मालकानं स्वतःच्या हातानं दिलेली वस्तू. याहून मोठी परवानगी काय असते, असं त्याला वाटलं. मला तर वाटायचंच. ते कुंकू कितीतरी दिवस माझ्या लोकरीत होतं.

मग आमची दोघांची नोकरी सुरू झाली. लग्नं, साखरपुडे, मोजणीची कचेरी, नव्या कंपन्यांची उद्घाटनं. काकासाहेब पुढं, मल्हारी मागं, आणि मी मल्हारीच्या छातीशी. बोलणं तापलं की काकासाहेब मागं न बघता विचारायचे, "मल्हारी हायेस ना?" मल्हारी म्हणायचा, "हाय मालक." तेवढ्यावर समोरचा माणूस खुर्चीत मागं सरायचा. माणसं हत्याराला भीत नाहीत, ते कुठं आहे हे न कळण्याला भितात, हे मी तिथं शिकलो.

कधीकधी काकासाहेब कुणाच्या तरी गाडीत बसून निघून जायचे. मग मल्हारी एकटाच जालना रोडनं चालत बंगल्यावर जायचा आणि रिव्हॉल्व्हर कपाटात ठेवायला द्यायचा. मालक चार पावलांवर असेपर्यंत एक गोष्ट होती, मालक गाडीत बसले की दुसरी. कायद्याची सूट तिथं संपत होती. ते आम्हाला ठाऊक नव्हतं. काकासाहेबांना ठाऊक होतं. परवान्यावर छापलेलं असतं, आणि त्यांना वाचता येत होतं.

घरी मात्र मी रिकामा असायचो. सत्यभामाला मुलगी झाली, सखू. ती बसायला लागली तशी बंडीशी खेळायला लागली. खुंटीवरून बंडी काढली की तिचा हात आधी माझ्यात. चिंचोके आणून भरायची. घशात जातील म्हणून सत्यभामा एकेक वेचून काढायची, मला उलटा करून झटकायची. तरी एक चिंचोका शिवणीत अडकून राहिलाच. माझे चांगले दिवस कुठले म्हणून कुणी विचारलं, तर मी तेच सांगेन.

त्या साली संक्रांतीच्या आधी शहराची हवा बदलली. विद्यापीठाच्या नावाचा निकाल लागणार होता. सोळा वर्षांचा तो नामांतराचा प्रश्न. चहाच्या टपरीवर माणसं हळू बोलायला लागली. सत्यभामा ज्या कंपनीत पॅकिंगला जायची, तिथं तिच्या शेजारी आशाबाई बसायची. आशाबाईच्या घरी सगळ्यांचा जीव त्या नावात होता. तिच्या भावानं त्यापायी लाठ्या खाल्ल्या होत्या. काकासाहेबांच्या घरी मात्र कडी लावून बसले होते.

पोलिसांची जीप भोंग्यावरून सांगत फिरली. परवान्याची सगळी हत्यारं ठाण्यात जमा करा, पावती घ्या, दिवस निवळले की परत न्या.

काकासाहेब स्वतः जीपनं खोलीवर आले. "जमा केलं की गंजून जातंय, अन् तोवर तो चुलतभाऊ डोक्यावर बसंल. मल्हारी, चार दिवस तुझ्याकडंच राहू दे. तुझ्या खोलीत कोण येतंय बघायला."

"घरात लेकरू हाय मालक," सत्यभामा म्हणाली.

"लेकरू खुंटीपर्यंत पुरतं का," काकासाहेब म्हणाले, आणि जीप वळवून गेले.

ते दिवस मी विसरणार नाही. पहिल्यांदाच मी घरात भरलेला होतो. सत्यभामा सखूला कडेवरून खाली ठेवीना. भाकरी थापताना तिला पायात धरून बसायची. खुंटी आणखी वर ठोकून घेतली, तरी तिची नजर माझ्यावरून हलेना. आधी तीच नजर मला मायेची वाटायची. आता मी साप असल्यासारखी ती माझ्याकडं बघत होती. मी तोच होतो, तिच्याच हाताचा. आत काय ठेवायचं हे खिसा कुठं ठरवतो.

भोगीच्या सकाळी बानाबाई तिळाच्या भाकरी करत होती. सखू बाजेवर चढली. बाजेवरून गोधड्यांच्या चळतीवर. तिथून तिनं बंडीचं टोक धरलं आणि चिंचोक्यासाठी माझ्यात हात घातला.

सत्यभामा ओरडली नाही. ओरडली असती तर लेकरू दचकलं असतं. ती चालत आली, सखूचा हात मनगटाशी धरला, रिव्हॉल्व्हरवरून एकेक बोट सोडवलं. मग तिला मांडीत घेऊन खाली बसली.

"आत्ता उठा," ती मल्हारीला म्हणाली. "ठाण्यात जमा करून या."

"मालकाला न विचारता? त्यांची वस्तू हाय."

"मग मालकाला नेऊन द्या. मला माझी पोर पाहिजे."

मल्हारीनं बंडी अंगात घातली आणि सिडकोच्या वाटेला लागला. एकटा. सरळ रस्त्यानं, कारण आडवाटेनं जावं असं त्यानं काही केलंच नव्हतं.

नाक्यावर पोलीस होते. सायकलवाल्यांना, रिक्षांना थांबवून झडती चालली होती. एका हवालदाराचा हात बंडीवरून फिरला आणि माझ्यावर थांबला.

ठाण्यात पंचनामा झाला. एक रिव्हॉल्व्हर, पाच काडतुसं, एक चिंचोका. चिंचोका लिहायचा का नाही यावर दोघं पोलीस हसले, मग लिहिला आणि होता तिथंच शिवणीत राहू दिला. मल्हारी घाबरला नव्हता. "मालकांना बोलवा," एवढंच म्हणत होता. "काकासाहेबांना बोलवा, ते सांगतील."

काकासाहेब आले. खुर्चीवर बसले. मल्हारीकडं त्यांनी पाहिलं नाही.

"हा माझ्याकडं कामाला व्हता खरा. कपाटातून कधी उचललं, कळलं नाय. मी आजच तक्रार द्यायला येणार व्हतो."

मल्हारी त्यांच्या खुर्चीपुढं आला.

"मालक, तुम्हीच कुंकू लावून माझ्या हातात दिलं की. खंडेनवमीला. चारचौघांत."

"कुंकू मी ट्रॅक्टरलाबी लावलं," काकासाहेब हवालदाराला म्हणाले. "त्यादिवशी तो यानंच चालवत नेऊन जागेवर उभा केला. आता ट्रॅक्टर काय ह्याच्या नावावर झाला का?"

खोलीत कुणीतरी हसलं.

सत्यभामा सखूला घेऊन धावत आली, सोबत आशाबाई. हवालदार वयस्क होता, बोलायला वाईट नव्हता. त्यानं तिला समजावून सांगितलं.

"ताई, परवाना एका माणसाचा असतो, घराचा नसतो. मालक सोबत असला, त्याच्यासाठी गड्यानं हातात धरलं, तर एक वेळ चालतं. गड्याला एकट्यानं न्यायचं तर मालकाची लेखी चिठ्ठी लागते. तीबी दुरुस्तीला नाहीतर परवाना वाढवून घ्यायला नेत असला तरच. जत्रेत, मिरवणुकीत, सभेत, शाळा-कॉलेजच्या आवारात तर परवानावाल्यालाबी खास परवानगीशिवाय नेता येत नाय. अन् आता तर जमा करायचाच हुकूम हाय. तुमच्याजवळ चिठ्ठी हाय का?"

"मागितली व्हती," सत्यभामा म्हणाली. मग तिनं माझ्याकडं बोट केलं. "चोरून कालपरवा आणलं असतं, तर ह्याच्या मापाचा खिसा कसा असता? आतून बघा. तेल किती मुरलंय, लोकर कशी झिजलीय. दोन वर्सांची झीज हाय ही. मालकांनी समोर बसून शिवून घेतला."

हवालदारानं माझ्यात बोट घालून पाहिलं. त्याला पटलं असावं, कारण त्यानं लगेच बोट बाहेर काढलं.

"ते खरं असंल. पण खिसा बोलत नसतो, ताई."

दुसऱ्या दिवशी संक्रांत. विद्यापीठाला नाव मिळालं. आशाबाईच्या वस्तीत हलग्या वाजत होत्या, जिलेबी वाटत होते. ती सत्यभामासोबत ठाण्याच्या पायरीवर बसून होती. सत्यभामा म्हणाली, "तू जा गं, तुमचा सण हाय." आशाबाई म्हणाली, "जिलेबी सांजच्याला खाईन. आधी ह्यांच्या जामिनाचं बघू."

बानाबाई शेजारीच बसली होती. सारखं एकच पुटपुटत होती, शब्द दिला व्हता, शब्द दिला व्हता. आशाबाईनं तिच्या पाठीवर हात ठेवला.

"मावशी, अठ्ठ्याहत्तर साली माझ्या मामाच्या गावात घरं पेटवली, तवाबी असंच. हत्यार मालकाचं, हात गड्याचा. नंतर कोर्टाच्या तारखा कुणी केल्या? हातानं."

ज्या रानात बानाबाईची मेंढरं चरली, त्या रानाचं नाव तिनं पुन्हा काढलं नाही.

मल्हारी जामिनावर सुटला. खटला चालूच आहे. मी बंडीसकट इथं मुद्देमालाच्या खोलीत आहे, कापडात बांधून लाखेनं बंद केलेला. रिव्हॉल्व्हर माझ्यासोबत फार दिवस नव्हतं. काकासाहेब अर्ज देऊन, सही करून ते घेऊन गेले. वस्तू त्यांची होती ना. मला कुणी सोडवायला आलं नाही. आलं, पण दिलं नाही. बानाबाई आली होती. "माझ्या घोंगडीचा तुकडा तेवढा द्या," म्हणाली. कारकून म्हणाला, निकाल लागल्यावर.

घरी त्या घोंगडीला कोपऱ्यात माझ्या मापाचं भोक आहे. थंडीत ती सखूच्या अंगावर असते, आणि सत्यभामा झोपेतसुद्धा त्या भोकावर हात ठेवत असेल, हे मला इथं बसून कळतं. माझ्या शिवणीत अजून तो चिंचोका आहे.

खिसा बोलत नसतो, म्हणून ठाण्यात मी गप्प राहिलो. आता बोललो आहे. ऐकलंत तर एवढं करा. ज्यांची माणसं दुसऱ्याच्या मागं चार पावलांवर चालतात, त्यांच्या घरी जाऊन सांगा. ज्याच्या नावावर परवाना, त्याच्याच अंगावर हत्यार शोभतं. कुंकवावर जाऊ नका, शब्दावर जाऊ नका. आणि कुणी माप टाकून म्हणालं, ह्याला आतून एक खिसा शीव, तर सुईत दोरा ओवू नका. एका बाईनं दुसरीला सांगावं, दुसरीनं तिसरीला. काकासाहेबांच्या कपाटात ते रिव्हॉल्व्हर पुन्हा आलं आहे, आणि येत्या खंडेनवमीला ते कुणाच्या तरी हातात देतील.